गळती

“सरासरी वाढली, सर! आणि गुणांमधला फरकही कमी झाला.” सत्यभामानं आकडेमोडीवरून मान वर केली. “म्हणजे मागं पडलेली पोरंही पुढं आली.”

त्रिंबक सर समाधानानं हसले. अंबाजोगाईच्या कॉलेजात ते तिचे मार्गदर्शक. दुष्काळाच्या त्या वर्षी सहकारी साखर कारखान्यानं धारूरजवळ ऊसतोड कामगारांच्या मुलांसाठी वसतिगृह काढलं, त्याचे सल्लागारही तेच. तिथं राहून मुलं किती शिकतात, हे सत्यभामा मोजत होती. हंगाम सुरू होताना एक चाचणी, संपताना दुसरी.

पहिल्या चाचणीचे गुण सरांनी लगेच मागून घेतले होते. कच्च्या मुलांकडं जास्त लक्ष देता येईल, म्हणाले होते.

“पण दुसऱ्या चाचणीला काही मुलं नव्हतीच. त्यांचं काय करू?”

“गेली असतील आई-बापामागं. गळती कुठल्या अभ्यासात नसते? वगळ त्यांना.”

तिनं वगळलं. ती स्वतः ऊसतोड्याची लेक. तिला कॉलेजपर्यंत आणणारे सरच होते. त्यांचा शब्द पडताळून पाहावा, असं तिला कधी वाटलं नाही.

अहवाल गाजला. वसतिगृहाचं अनुदान वाढलं. चेअरमननी दोघांचा शाल-नारळ देऊन सत्कार केला.

वगळलेल्या मुलांमधली सारजा मात्र तिच्या डोक्यातून जाईना. वाचताना अडखळायची, पण चाचणीतली चित्रं बघून उलट सत्यभामालाच प्रश्न विचारायची. पुढच्या हंगामात तिला वसतिगृहात परत आणायचंच, असं ठरवून सत्यभामा तिच्या गावी गेली.

टँकर नुकताच येऊन गेला होता. सारजाची आई भिवराबाई हंडे आत नेत होती. सारजा कुडाला टेकून बसली होती. मोळ्या वाहून तिची मान एका बाजूला आखडली होती. सत्यभामाला पाहून ती आत निघून गेली.

“मावशी, हिला फडात कावून नेलं? शिकली असती की.”

भिवराबाईनं तिला बस म्हटलं नाही.

“आमी कशाला नेतोय? आमी तर पाया पडलो, लेकरू हितंच ऱ्हाऊ द्या म्हणून.”

“कुणाच्या पाया?”

“तुमच्या त्रिंबक सरांच्या. ते म्हणले, दुसऱ्या परीक्षेच्या आत हिला घेऊन जा. सत्यभामाबाईनंच नावं काढून दिलीत.”