आवाज आधी येतो

खडे घासून त्यांना पैलू पाडणं हा त्याचा धंदा. महिन्याभरापूर्वी खाणीतून आलेला एक राखाडी खडा त्याने लाखेने काडीवर चिकटवला, आणि त्या दिवसापासून त्याच्या कामाच्या खोलीतून घरात पुढे होणारे आवाज आधीच ऐकू यायला लागले. रिकाम्या खोलीत खडे घासायच्या चाकाची घरघर व्हायची आणि मग तो जाऊन चाकाशी बसायचा.

सुरुवातीला अंतर एका श्वासाचं होतं. आता चहा उकळेपर्यंतचं झालं होतं. आवाज मात्र एकदाही खोटा पडला नव्हता.

"मला नाही बरं वाटत," बायको म्हणायची. "देऊन टाका तो खडा परत."

"अगं, दोनच पैलू राहिलेत."

आज दुपारी तिने चहाचं आधण ठेवलं. तो समोर खुर्चीत बसून चिडवत होता, "साखर टाकलीस, की नुसती दाखवलीस?" तेवढ्यात त्या खोलीतून तिला स्वतःचाच रडवेला आवाज ऐकू आला.

"अहो, डोळे उघडा ना."

त्यानेही ऐकलं. त्याचं हसू ओठांवरच राहिलं.

तिने धावत जाऊन खोलीला कुलूप घातलं. "आज चाकाला हात लावायचा नाही. माझी शपथ आहे."

"बरं बाई, नाही लावत." त्याने खुर्चीला मान टेकवली आणि डोळे मिटले.

चहा उतू गेला, तरी त्याने डोळे उघडले नाहीत. तेच शब्द तिच्या जिभेवर आले. किल्ली टाकून तिने दोन्ही हातांनी स्वतःचं तोंड घट्ट दाबून धरलं.