आईला दाखवायचं म्हणून

पाती हवा खाली ढकलतात म्हणून हेलिकॉप्टर वर राहतं, हे तो नवशिक्यांना रोज शिकवायचा. आज आईला दाखवायचं म्हणून त्याने हेलिकॉप्टर मुद्दाम घरावर आणलं. अंगणात आई दोन्ही हात हलवताना दिसली. त्याला वाटलं, ओळखलं! तो आणखी खाली आला, तशी ती आणखी जोरात हात हलवू लागली.

संध्याकाळी तो मिरवतच घरी आला, तर शेजारच्या काकूंच्या छपराचे पत्रे अंगणभर पडलेले. आई काकूंची समजूत घालत होती.



"कुठला मेला नवशिका होता, कोण जाणे! मी हातवारे करून हाकलतेय, तर आणखीच खाली! आमचा असता तर त्याला कळलं असतं हो. काय रे, खरं की नाही?"