पिस्तुलाचा बार

मनिलाच्या आशियाई स्पर्धेतही नागोरावनं सुरुवातीच्या रेषेवरून असं वळून वळून पाहिलं नव्हतं. छप्पन साली नवं राज्य झालं म्हणून आदिलाबादला खेळांचा जलसा भरला होता, आणि परदेशात शर्यत धावून आलेल्या धावपटूची आई म्हणून सोजरबाईला बेला गावाहून जीपनं आणून पहिल्या रांगेत खुर्चीवर बसवलं होतं. शर्यत पिस्तुलाच्या बारानं सुटते, हे त्यानं तिला कधी सांगितलंच नव्हतं. आठ वर्षांपूर्वी गावात रझाकारांच्या गोळ्या सुटल्या, तेव्हा तिनंच त्याला पैनगंगा ओलांडून निजामाच्या हद्दीबाहेर जायला पिटाळलं होतं. तेव्हापासून ती दिवाळीच्या फटाक्यांनाही दार लावून बसायची. "साहेब, आज शिट्टीवर सोडा ना शर्यत," त्यानं पिस्तूल भरणाऱ्या साहेबांना विनवलं. "मनिला गाजवलेला गडी आवाजाला भितो?" साहेब हसले आणि त्यांनी हात वर केला. बार झाला. "पळ नागो, मांगं पाहू नोको." आईची किंकाळी मैदानभर गेली, लोकांना वाटलं, म्हातारी पोराला जोर देऊन राह्यली. त्याचे पाय ते शब्द ओळखूनच सुटले. फीत छातीवर घेऊनच तो वळला. सगळे उभं राहून टाळ्या वाजवत होते. एक खुर्ची तेवढी आडवी पडली होती. तिच्यामागे सोजरबाई जमिनीला चिकटून होती, शेजारच्या बाईची पोर पोटाखाली झाकून. तो धापा टाकत वाकला, तशी तिनं त्याला ढकललं. "काऊन वापस आला रे? नदी पार कर म्हनलं ना तुले."