पुणेकर चालत नाहीत

"पुण्याचे म्हणून तेवढं सांगू नका बघा, सर," गेटपाशी मंजुनाथ हळूच म्हणाला. "आप्पाजींना पुणेकर चालत नाहीत. दुसरं कुठलंही गाव सांगा."

मंजुनाथ घरं दाखवणारा एजंट. बेळगावकडचा, म्हणून मराठी बोलणारा. अजितला ती मराठी ऐकूनच डोकं उठायचं. पण बंगळूरच्या बसवनगुडीत तळमजल्यावरचं, एकही पायरी नसलेलं घर पुन्हा कुठे मिळणार? आईच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं होतं, आठ दिवसांत ती पुण्याहून यायची होती आणि अकरा घरं बघून झाली होती.

तेवढ्यात आतून एक जोडपं तोंड पाडून बाहेर आलं.

"कोल्हापूरचे," मंजुनाथ म्हणाला. "नाही जमलं."

"आपण साताऱ्याचे," अजितनं बायकोला बजावलं.

"आणि आईंना काय सांगायचं?" शलाकानं विचारलं.

"आधी घर तर मिळू दे."

घरमालक आप्पाजी मूळचे मराठी, पण त्यांच्या चार पिढ्या बंगळूरात गेल्या होत्या. अंगात बनियन, खांद्यावर टॉवेल. हा असला माणूस आपल्याला पसंत-नापसंत करणार, याचं अजितला मनातून हसू येत होतं.

"बसा की. स्वल्प कॉफी घ्या. गाव कुठलं?"

"सातारा."

"बरं. मघाशी त्याच खुर्चीत एक मिरजकर बसले होते. कोल्हापूरच्या लोकांना अर्धा तास नावं ठेवत होते." आप्पाजींनी पेला पुढे सरकवला. "पुण्याची माणसं कशी हो, तुमच्या मते?"

आंधळा मागतो एक डोळा! अजित सरसावून बसला.

"नाव काढू नका. दारावर पाट्या आणि मनाला कुलपं. जगातली अक्कल आपल्याच पेठेत वाटली, असं समजतात."

"आणि बायका?"

"त्या तर विचारूच नका. घरात एक पुणेकर म्हातारी असली की रोज कोर्ट भरतं. सुनेनं श्वास घेतला तरी त्यात खोट."

शलाका कॉफीच्या पेल्यात बघत राहिली.

टीपॉयवर अजितचा फोन वाजला. 'आई'. त्यानं कॉल कापून फोन पालथा घातला.

"बँकवाले. दिवसभर छळतात मेले."

पुन्हा वाजला. शलाकानं हात पुढे केला, पण त्याआधीच अजितनं तोही कॉल कापला.

"तुमच्या आई येणार म्हणाला मंजुनाथ," आप्पाजी म्हणाले. "त्या कुठल्या?"

"साताऱ्याच्याच. अस्सल!" अजित मोठ्यानं हसला. "पुण्यात चार दिवस ठेवली तर आजारी पडेल."

"होय काय."

आप्पाजींनी उठून घर दाखवलं. खोली हवेशीर होती. बाथरूममध्ये भिंतीला धरून उठायला दांडा बसवलेला होता.

"आमच्या मिसेस, धनलक्ष्मीसाठी लावला होता," ते म्हणाले. "तिचेही गुडघे गेले होते."

असा दांडा अकरा घरांत कुठेच नव्हता. शलाकानं तो दोन्ही हातांनी ओढून पाहिला. पक्का होता.

"मंजुनाथकडून कळवतो," आप्पाजी म्हणाले. "सरी? चालेल?"

रस्त्यावर येताच अजितनं टाळी वाजवली. "गुंडाळलं म्हाताऱ्याला! या लोकांना काय, गाव ऐकलं की झालं. समोरचा माणूस ओळखायची अक्कल असते कुठे?"

शलाका सासूबाईंना फोन लावत होती.

घरात आप्पाजी पेले गोळा करत होते.

"नको," ते मंजुनाथला म्हणाले.

"आईसाठी हवं होतं आप्पाजी त्यांना."

"त्या बाईंचंच वाईट वाटतं की. पुढचे कोण?"

"चारला येतात. नागपूरचे."

"सरी. त्यांना गेटवरच सांग, आप्पाजींना नागपूरकर चालत नाहीत."