पॅरिसला जाणारा डबा

गुरुवारी सकाळी सात वाजून दहा मिनिटांनी याकोजवळच्या सोन्याच्या खाणीवर एका पहारेकऱ्याने सिप्रियें टोएच्या पाठीत गोळी घातली. समोरच्या टेकडीवर चित्रपटाचं काम चाललं होतं. कॅमेऱ्यामागे तासेरे निकिएमा होता आणि कॅमेरा खाणीच्या दिशेने चालू होता.

तासेरेने बारा वर्षं पडद्यावर खबऱ्याच्या भूमिका केल्या होत्या. बाजारात बाया त्याला कांदासुद्धा विकेनात, तेव्हा तो कॅमेऱ्यामागे गेला. आठवड्याने तो न्यायालयात साक्षीला उभा राहिला, तर लोक हसले.

"यांना खोटं बोलण्याचं बक्षीस मिळालेलं आहे," खाणीचा वकील म्हणाला.

"माझं सोडा, कॅमेऱ्याचं बघा," तासेरे म्हणाला. "फिल्म धुवायला पॅरिसला जाईल. तीन आठवडे थांबा."

न्यायाधीशांनी तारीख दिली.

कॅमेऱ्यात फिल्म भरणं हे अलिमाचं काम. मुक्कामी ती पत्र्याच्या डब्याला चिकटपट्टी लावत होती. "काका, चिठ्ठीवर काय लिहू?"

"तारीख लिही," तासेरे म्हणाला.

"फक्त तारीख?"

"हो. उद्या वागादुगूच्या विमानतळावर मी एकटाच नेतो. कुणी विचारलं तर कोणत्या रस्त्याने, तेही सांग."

सिप्रियेंचा थोरला भाऊ बार्नाबे तेवढ्यात दारात आला. "गुलामा, डबा इकडे दे."

टोए सामो जमातीचे, निकिएमा मोसी; दोन्ही जमातींत पिढ्यान्‌पिढ्या थट्टेचं नातं. सामोने शिवी देऊन मागायचं आणि मोसीने हसत द्यायचं. मयताच्या घरीही हे चालतं. नाही म्हटलं की नातं तुटलं.

"वाटेत खायला कुत्र्याचं मुंडकं मिळालं की डबा देऊन मोकळा होशील तू," तासेरे म्हणाला.

"आणि तू गाढवखाऊ वाटेत विकशील. आण."

"दुसरं काही माग. माझी मोपेड घे."

"ती घेतोच. पण मेलाय तो माझा भाऊ. डबा मी नेणार."

अलिमाने तासेरेकडे पाहिलं. त्याने सुटलेली पट्टी अंगठ्याने दाबली आणि डबा पुढे केला. "दिवसाउजेडी जा. कुठे थांबू नकोस."

दुसऱ्या दिवशी दुपारी बार्नाबे रस्त्याकडेच्या चरात सापडला. गळा चिरलेला होता. संध्याकाळी खाणीचे तीन पहारेकरी पकडले गेले. त्यांत सिप्रियेंवर गोळी झाडणाराही होता. डबा त्यांच्याच गाडीत मिळाला, पट्टीसुद्धा न काढलेला.

सोमवारी खाणीच्या वकिलाने तो उघडण्याची मागणी केली. फिल्मला उजेड लागू नये म्हणून न्यायाधीशांनी खोलीच्या खिडक्यांना काळे पडदे लावून घेतले आणि अलिमाला बोलावलं.

"पडदे कशाला, साहेब?" ती म्हणाली. "त्या सकाळी तालीम होती. फिल्म महाग. तालमीला आम्ही कॅमेरा रिकामाच चालवतो, नटांना घरघर ऐकू यावी म्हणून."

तासेरेची फेरसाक्ष अजून झालेली नाही.