काडी ओढण्याआधी

१९८२ साली दिनू चिटणीसांच्या पहिल्या सिनेमाचं छायाचित्रण ह्यांनी केलं. नटी परवडत नव्हती, म्हणून तिन्हीसांजेला दिवा लावणारी बाई मीच झाले.

"अहो, या काळोखात माझा चेहराच दिसणार नाही," मी कुरकुरले.

"काडी ओढलीस की दिसेल. तोवर बघणाऱ्याला वाट पाहू दे."

सिनेमा आठवडाभरही चालला नाही. पुढे जन्मभर हे लग्नांचं शूटिंग करत राहिले, "उजेड वाढवा" म्हणणाऱ्यांचं ऐकत. पण त्या एका काळोखाचा त्यांना अभिमान होता.

चाळीस वर्षांनी तो सिनेमा संगणकावर स्वच्छ करून पुन्हा दाखवला. मी काडी ओढायच्या आधीच पडद्यावर माझा चेहरा लख्ख दिसला. टाळ्या पडल्या.

"आता कसं स्वच्छ दिसतं, नाही?" चिटणीसांनी विचारलं.

"लग्नातल्यासारखं," हे म्हणाले. "दिनू, माझं नाव काढ यातून."

त्याच वर्षी हे गेले. चिटणीसांना जीवनगौरव पुरस्कार मिळाला. जुनी रिळं सडली. नवी प्रत परदेशातही फिरते, आणि तिच्या सुरुवातीलाच ह्यांचं नाव येतं, पूर्वीपेक्षा मोठ्या अक्षरांत. मैत्रीला जागलो, असं चिटणीस मुलाखतींत सांगतात.