कारणाचा रकाना

"'कारण अज्ञात' टाक आणि मोकळी हो," हाडांचे डॉक्टर फोनवर म्हणाले. "ऑपरेशन उद्या सकाळी आहे. कोड गेल्याशिवाय विम्याची मंजुरी येणार नाही."

"स्टेरॉइडचं विचारलंत?"

"तीनदा विचारलं. दारू नाही, मार नाही, स्टेरॉइड नाही. बाकी बाई ठणठणीत, फक्त खुब्याचं हाड मेलंय. होतं असं कधीकधी."

तिने फोन ठेवला. हॉस्पिटलच्या कोडिंग विभागात तिला सगळे टाचणी म्हणत. प्रत्येक आजाराला त्याचा ठरलेला कोड लावायचा, एवढंच काम. पण डॉक्टरांनी कारण लिहिलं नसेल, तर ही लिहून घेईपर्यंत त्यांना टोचत राहायची. स्वतःच्या मनाने कारण घालायची कोडवाल्यांना मुभा नव्हती.

आजची फाइल तिच्या सख्ख्या धाकट्या बहिणीची होती.

शेजारच्या टेबलावरच्या जाड्याने खुर्ची वळवली. "अगं, तू स्वतः त्या गोळ्यांतून गेलीस ना, म्हणून तुला जिथे तिथे स्टेरॉइडच दिसतात. दुधाने तोंड पोळलं की माणूस ताकही फुंकून पितो."

"असेल."

"आणि तुला तरी काय झालं? बाकीच्यांचे चेहरे भोपळ्यासारखे सुजतात. तू आहेस तशीच. नशीब काढलंस."

तिचा आजार विभागात सगळ्यांना ठाऊक होता. सांध्यांचं जुनाट दुखणं, शहराच्या दुसऱ्या टोकाचा दवाखाना, नोकरीच्या विमा-कार्डावर झालेले उपचार. गेल्या वर्षी दुखणं आटोक्यात आलं. एवढ्या आजारपणात तिने रजा अशी घेतलीच नव्हती. कुणी सर्दीची रजा मागितली की साहेब तिचं उदाहरण द्यायचे.

ती जिने चढून वॉर्डात गेली. दारातली नर्स तिच्यावर ओरडलीच, "अहो, पलंगावरून उठलात कशाला?" मग चपापून म्हणाली, "बहीण होय? मला वाटलं पेशंटच."

धाकटी उशीला टेकून पडली होती. तिला नोकरी लागून वर्ष होत आलं होतं. स्वतःच्या कार्डावरचा हा तिचा पहिलाच इलाज.

"डॉक्टरांना खरं सांग," टाचणी म्हणाली.

"नाही म्हणून सांगितलंय ना मी." धाकटीने आवाज खाली आणला. "ताई, उगाच उकरत बसू नकोस. घर, आईचं औषधपाणी, सगळं तुझ्या पगारावर चालतं."

"आणि भूल दिल्यावर तुझा रक्तदाब कोसळला तर?"

"नाही कोसळणार."

"कशावरून?"

धाकटीने भिंतीकडे तोंड फिरवलं.

टाचणीला रडू यायला हवं होतं. आलं नाही. दात काढताना गाल बधिर होतो, तशी ती आतून झाली होती. ही पोर उद्या ऑपरेशनच्या टेबलावरच दगावू शकते, हे तिला कळत होतं, फक्त कळत होतं. तिने पायाकडची चादर सरळ केली आणि खाली उतरली.

भूल देणाऱ्या डॉक्टर त्यांच्या खोलीत चहा पीत होत्या.

"उद्याच्या खुब्याच्या पेशंटने बरीच वर्षं स्टेरॉइड घेतलीत," टाचणी उभ्यानेच म्हणाली. "गेल्या वर्षी बंद झाली."

डॉक्टरांनी कप खाली ठेवला. "मग तिचं शरीर स्वतःचं स्टेरॉइड बनवायचं विसरलं असेल. भूल द्यायच्या आधी तिला त्याची इंजेक्शनं द्यायला हवीत. नाहीतर जिवावर बेतेल. पण ती तर नाही म्हणते. तुम्हाला खात्री आहे?"

"आहे."

"नुसत्या शब्दावर कसं चालेल? डोस किती, किती दिवस, कधी थांबवला, काहीतरी कागद हवा. तिच्या नावावर एक गोळीसुद्धा नाही. मी स्वतः पाहिलं."

"तिच्या नावावर सापडणार नाही."

"मग कुणाच्या?"

"माझ्या," टाचणी म्हणाली. "सहा वर्षांच्या गोळ्या आहेत. मी त्यातली एकही खाल्लेली नाही."